वरच्यानं बोलत राहायचं

१

कुंडलच्या धोंडुबाईचा हट्ट म्हणजे साधं काम नव्हे. चार वर्षं झाली, पोटच्या एकुलत्या एका पोराशी ती एक अक्षरही बोलली नव्हती. एकाच छपराखाली राहून, एकाच चुलीवरचं खाऊन. बोलायची वेळ आलीच तर ती म्हशीशी बोलायची. चंद्रे, सांग त्याला, भाकरी निवायला लागल्यात. पोरगा ऋषिराज आतून म्हशीलाच उत्तर द्यायचा, आलोच म्हणावं. म्हैस रवंथ करत दोघांचंही ऐकून घ्यायची. गावाला याचं हसू यायचं, पण धोंडुबाईच्या तोंडावर हसायची कुणाची छाती नव्हती.

कारण अख्ख्या गावाला ठाऊक होतं. नवरा तानाजी फौजेत होता आणि सुट्टीवर यायच्या आठ दिवस आधी पेटीतून घरी आला. पुढं पोरगं भरतीत पास झालं तेव्हा बाईनं गावभर पेढे वाटले. पाच महिन्यांनी तेच पोरगं ट्रेनिंग अर्धवट सोडून, पत्र्याची ट्रंक खांद्यावर टाकून भर दुपारी दारात उभं राहिलं. पारावर कोंडीबा हवालदार बसले होते. सगळ्यांदेखत म्हणाले, धोंडे, पेढ्यांचं काय करायचं गं आता? त्या दिवसापासून बाईची वाचा पोरापुरती बसली.

ऋषिराज मग सांगलीत लग्नाचं शूटिंग करणाऱ्या प्रांजलकडे कॅमेऱ्याच्या कामाला लागला. प्रांजल पस्तिशीची, कामाला पक्की, तोंडानं फटकळ. दोघांनी मिळून वीस मिनिटांची फिल्म करायची ठरवली. ना कुठली परवानगी, ना कुणाला खबर, सगळा चोरीचा मामला. कारण फिल्म होती एकमेकांशी न बोलणाऱ्या मायलेकाची, आणि घरातली भानगड चव्हाट्यावर मांडतोय म्हटल्यावर गावानं ऋषिराजची तंगडी मोडली असती. आईच्या कामाला साताऱ्याची एक नटी ठरली होती. तिनं शूटिंगची जागा बघितली आणि आल्या एसटीनं परत गेली. तेव्हा प्रांजल धोंडुबाईसमोर येऊन बसली आणि म्हणाली, मावशी, तुम्हीच उभ्या राहा.

धोंडुबाईनं रात्रभर विचार केला. फिल्ममधली आई पोराला एकच वाक्य बोलते. पण बोलणार ती कोण? ती कागदावरची बाई. त्यानं आपला अबोला मोडत नाही. सकाळी तिनं म्हशीला सांगितलं, येते म्हणावं.

२

सांगलीला लागून हरिपूर आहे. तिथं जमिनीच्या पोटात हळद साठवायची पेवं असतात. वर माणूस जेमतेम उतरेल एवढं तोंड, आत चांगलं खोलीएवढं पोट. महापुरानंतर पुष्कळ बुजली, काही नुसती झाकून पडलीत. फिल्ममधला मुलगा रागाच्या भरात असल्याच एका पेवात उतरून बसतो आणि आई तोंडाशी येते, असा तो शेवटचा सीन होता.

पेव उघडून द्यायला आप्पासो आला होता. म्हातारा, सारी हयात हळदीत गेलेला, नखं अजून पिवळी. त्यानं झाकणाचा दगड आदल्या दिवशीच सरकवून ठेवला होता. आत कंदील सोडला. कंदील विझला तर हवा वाईट, उतरायचं नाही, हे त्यानं समजावून सांगितलं. कंदील नीट जळत राहिला. मग त्यानं ऋषिराजच्या कमरेला दोर बांधला आणि धोंडुबाईकडं वळला.

"आजून एक हाय. खाली मानूस असला की वरच्यानं बोलत राहायचं. ऊसपान्याचं बोला, सुनंचं गाऱ्हाणं सांगा, काय बी बोला, पर गप बसू नगा. खालच्यानं ओ द्यायची. ओ थांबली की दोर वढायचा."

हवेसाठी का, असं तिनं विचारलं. हवेसाठी तर हायच, म्हातारा म्हणाला. मग तंबाखू मळत त्यानं एवढंच सांगितलं की खाली गेलेल्या माणसाला कुणाचा तरी आवाज लागतोच.

ऋषिराज शिडीनं उतरला. आप्पासोनं मेढ्याला दिलेल्या लेकीच्या सासूचं पुराण लावलं आणि खालून ओ, ओ येत राहिली. सीनची वेळ झाली तेव्हा प्रांजलनं म्हाताऱ्याला दोन मिनिटं गप्प राहायला सांगितलं, आवाज स्वच्छ हवा म्हणून. म्हाताऱ्याला ते पटलं नाही, पण बाईमाणसापुढं काय बोलायचं म्हणून तो उठून बाजूला झाला.

धोंडुबाई पेवाच्या तोंडाशी बसली, खाली बघितलं आणि कागदावरचं वाक्य म्हणाली. "तुज्या वाटची भाकर झाकून ठिवलीया." पहिल्याच फटक्यात झालं. प्रांजल खूश झाली.

ऋषिराज वर आल्यावर लिंबाखाली बसून तिनं रेकॉर्डिंग लावलं. भाकरीचं वाक्य आलं. मग थोडी खरखर, आणि मग त्याच आवाजात, धोंडुबाईच्याच आवाजात, अगदी हळू आलं, दमलास का रं बाळा, ये, माज्यापाशी बस.

प्रांजल म्हणाली, मावशी, हे कागदावर नव्हतं, पण झकास बोललात. ऋषिराजचे डोळे भरले होते आणि ते लपवायला तो नदीकडं तोंड करून उभा राहिला. धोंडुबाई मात्र हे बोललेलीच नव्हती.

३

आता बाई काही येडीखुळी नव्हती. घरी जाताना ऋषिराजच्या स्कूटरवर मागं बसून तिनं सरळ विचार केला. म्हातारपणी माणूस पुटपुटतं, तसं झालं असेल. पण बाळा हा शब्द पोरगं रांगायला लागल्यापासून तिच्या तोंडात नव्हता. ऋष्या, मुडद्या, फार तर पोरा. आणि तिच्या पदराला लावलेला माइक तर वाक्य झाल्याझाल्या प्रांजलनं काढून घेतला होता. उरला होता फक्त ऋषिराजच्या शर्टाचा माइक, तो खाली पेवात.

दुसऱ्या दिवशी तिनं प्रांजलला फोन लावून सांगितलं, ती मी न्हवं. प्रांजलनं ते ऋषिराजच्या कानावर घातलं. तो हसला. म्हणाला, आई असंच म्हणणार, कबूल कशी करेल? हे प्रांजलनं परत बाईला सांगितलं आणि वर म्हणाली, मावशी, बोलला असाल तर बोललात, त्यात लाजायचं काय? धोंडुबाईनं फोन ठेवला. पोरापुढं जाऊन त्याच्या डोळ्यात बघून एकदा नाही म्हणायचं, एवढंच काम होतं. तेवढंच तिला जमेना. चार वर्षांचा अबोला असा उठसूट मोडत नसतो, असं ती स्वतःला सांगत राहिली.

घरात फरक पडायला लागला. ऋषिराजनं ते रेकॉर्डिंग फोनवर घेतलं होतं. कानात वायर घालून तो गोठ्याच्या चौथऱ्यावर बसायचा. पहिल्या दिवशी चार वेळा ऐकलं. तिसऱ्या दिवशी तर दुपारभर बसला, आणि तेही मागं पुढं न करता, एकसलग. एवढ्याशा वाक्याला दुपार कशी पुरते, हे बाईला कळेना. मधूनच तो मान हलवायचा. मधूनच हं म्हणायचा. भाकरी निवतीया म्हणून तिनं चंद्रीला सांगितलं, तर तो म्हशीकडं न बघताच म्हणाला, जेवलास का म्हणून मगाशी विचारलंच की तिनं, सांगितलं मी.

तिनं काहीच विचारलं नव्हतं.

तो अंघोळीला गेला तेव्हा फोन चौथऱ्यावरच होता. धोंडुबाईनं हात पुसले आणि एक वायर कानात घातली. तिचाच आवाज चालू होता. लहानपणी तुला गोवर आला तवा, असं काहीतरी चाललं होतं, मऊ, न थांबणारं. वायर कानात गेली आणि आवाज बंद झाला. फोन बंद पडला नव्हता, ती बाई गप्प झाली होती. श्वास ऐकू येत होता. मग ताटातली शेवटची भाकरी उचलण्याआधी शेजारणीला विचारावं तसं तिनं विचारलं.

"तुला न्हाई ना बोलायचं?"

धोंडुबाईनं वायर उपसून काढली. दोन्ही वायरी गुंडाळून जोंधळ्याच्या पिठाच्या डब्यात खोल खुपसल्या. तिचे हात कोपरापर्यंत पांढरे झाले. ऋषिराजनं बाहेर येऊन इकडं तिकडं बघितलं, पण चिडला नाही. चौथऱ्यावर जाऊन बसला. कानात काही नव्हतं, तरी थोड्या वेळानं तो हं म्हणाला.

४

पेवाच्या आतला एक शॉट राहिला होता, त्यासाठी परत हरिपूरला जायचं ठरलं. धोंडुबाईचं तिथं काम नव्हतं. तरी ती चप्पल घालून स्कूटरवर मागं जाऊन बसली. वाटेभर तिनं देवीला हात जोडले. औंधच्या यमाईला ती म्हणाली की मला तेवढं तोंड उघडायचं बळ दे. तासगाव गेलं, सांगली आली, पण तोंड काही उघडलं नाही.

आप्पासो मेढ्याला लेकीकडं गेला होता. दगड मात्र त्यानं सरकवून ठेवला होता. सकाळचे अकरा वाजलेले, लख्ख ऊन, नदीवर बायका धुणं धूत होत्या. यात भिण्यासारखं काय आहे, असं कुणालाही वाटलं असतं. कंदील सोडला, तो छान जळत राहिला. ऋषिराजनं दोर बांधला आणि घरी परत निघाल्यासारखा भराभरा खाली उतरला. प्रांजलनं कॅमेरा लावला, बघते तर बॅटरी गाडीतच राहिली होती आणि गाडी पार रस्त्याला. आलेच दहा मिनिटांत, मावशी, तोवर बोलत राहा, असं सांगून ती गेली.

बोलत राहा. सांगायला काय जातं?

धोंडुबाई तोंडाशी बसली. दोराचं वेटोळं तिच्या मांडीशी होतं. खाली कंदिलाच्या उजेडात पोराचं डोकं दिसत होतं. तिनं तोंड उघडलं. घशात चार वर्षं बसली होती. एकच शब्द बोलायचा, ऊस म्हण, पाणी म्हण. बाईनं तोंड मिटलं.

तेव्हा खालून तिचा आवाज आला. "आलास व्हय बाळा?"

"ओ," ऋषिराज म्हणाला. किती हौसेनं म्हणाला तो.

"चल मग. हितं नगं, आत बसू."

पोराचं डोकं उजेडातून बाजूला सरकलं. आता आत म्हणजे कुठं? पेवाचं पोट केवढं, दहा पावलांत भिंत लागावी. पण दोर चालायला लागला. धोंडुबाईच्या मांडीवरून सरसर वेटोळं सुटत गेलं. एक फेरा, दोन फेरे. दहा हात गेला, वीस हात गेला. भिंत कधीच लागायला हवी होती. ओ येत होती, पण रानातून कुणी चालत लांब जावं तशी बारीक होत चालली होती. प्रत्येक ओच्या आधी तिचाच आवाज असायचा, लाडीगोडीचा. वेटोळ्यात आता तीनच फेरे उरले होते.

कंदील बारीक झाला.

५

धोंडुबाईनं दोर दोन्ही हातांत धरला, टाच दगडाला लावली आणि तोंड उघडलं. यावेळी आवाज आला, फाटका, पण आला.

"ऋष्या, मुडद्या, थांब तितंच. मी वर हाय. तुजी आय वर हाय."

ओ आली नाही. लांब कुठंतरी तिच्याच आवाजात कुणी हळू हसलं. "ऐकू नगंस बाळा. चार वर्सं बोलली न्हाई, ती आज कशी बोलंल?"

खरंच होतं ते. बाईच्या हातातून दोर घासत निघाला, तळवे सोलले. तिला कळून चुकलं की गोड बोलण्यात आपण हिला हरवू शकणार नाही. गोड बोलणं आपल्या बापजन्मात नव्हतं. मग जे होतं ते तिनं बाहेर काढलं.

"तू ट्रंक घिऊन दारात आलास ना, त्या दिशी मला बरं वाटलं. ऐकतोस का? राग न्हाई आला मला. बरं वाटलं. पोरगं जित्तं घरी आलं म्हनून चुलीम्होरं बसून रडले मी. मग तुज्या बापाच्या फोटूकडं बगितलं आन् बरं वाटल्याची लाज वाटली. लोकं पेढ्याचं बोलली, त्यास्नी मी काय सांगू, की पोरगं पळून आलं आन् मी खूश हाय? माजा राग माज्यावर हुता रं. मार तुला बसला."

दोर थांबला.

खाली शांत झालं. ती दुसरी काहीच बोलली नाही. तिला गोवर ठाऊक होता, भूक ठाऊक होती, बाळा म्हणायचं ठाऊक होतं. हे तिला ठाऊक नव्हतं. हे धोंडुबाईनं स्वतःशीसुद्धा कधी बोलून दाखवलं नव्हतं, मग ते तिला कुठून मिळणार?

"आये?" फार लांबून आलं.

"दोर धर आन् माज्या आवाजावर ये," धोंडुबाई म्हणाली, आणि जी सुटली ती सुटलीच. उसाला पाणी द्यायचं राहिलंय, वरच्या नळाची चावी फुटलीय, तुज्या मामीनं तिळगुळाला बोलावलं न्हाई, तू मिशी ठिवलीस ती लय वंगाळ दिसतीया. हात हात दोर ओढत ती बोलत राहिली आणि प्रत्येक वाक्याला खालून ओ येत राहिली, आधी बारीक, मग जवळून, मग अगदी शिडीच्या पायथ्यापासून. पोराचं डोकं उजेडात आलं. तो शिडी चढायला लागला, नखशिखांत हळदीनं पिवळा.

तो अर्ध्यावर आला तेव्हा बाईनं त्याच्या खांद्यावरून खाली बघितलं. बघायला नको होतं. कंदिलाजवळ कुणी उभं होतं. डोक्यावर पदर, तोंड दिसत नव्हतं. पदर तिचाच, गेल्या महिन्यात शिवलेल्या ठिगळासकट. त्या बाईनं हात वर केला आणि पदर उजव्या कानामागं खोचला, धोंडुबाई दिवसातनं शंभरदा खोचते तसा. मग मान वर करायला लागली. तेवढ्यात कंदील विझला.

धोंडुबाईनं पोराला बखोटं धरून बाहेर ओढलं. आधी एक सणसणीत कानाखाली दिली. मग पदरानं त्याचं तोंड पुसायला लागली. हळद काही निघेना, उलट पसरली, आणि भर उन्हात तो नवरदेवासारखा पिवळाजर्द दिसायला लागला. बाईला हसू फुटलं. तोही हसला, मग रडला. दोघांनी मिळून दगड सरकवला. शेवटची फट उरली तेव्हा खालून बाळा असं आलं. ऋषिराज जागचा हलला नाही. धोंडुबाई त्या फटीवर वाकली.

"त्याची आय बोलती हाय आता," ती म्हणाली. "तू गप."

दगड जागेवर बसला. प्रांजल बॅटरी घेऊन परत आली तेव्हा मायलेक लिंबाखाली बसून मिशीवरून भांडत होते. ती बॅटरी हातात धरून नुसतीच उभी राहिली.

६

फिल्म फाल्गुनात कुंडललाच दाखवली, तीही धोंडुबाईच्याच हट्टानं. गावातल्या एका रिकाम्या गोदामात, भर दुपारी दारं लावून, भिंतीवर चादर टांगून. किल्ली कुठून आली ते कुणी विचारलं नाही. साठएक माणसं दाटीवाटीनं बसली होती. पुढंच कोंडीबा हवालदार, शेजारी त्यांची बायको राहीबाई. त्यांचा पोरगा विश्वजीत वर सीमेवर पोस्टिंगला होता.

पेवाच्या सीनचा आवाज ऋषिराजच्या सांगण्यावरून प्रांजलनं पार पुसून टाकला होता. चादरीवर धोंडुबाई तोंडाशी वाकलेली दिसत होती, ओठ हलत होते, ऐकू काहीच येत नव्हतं. लोक चुळबुळायला लागले. तेव्हा खरी धोंडुबाई उठली आणि चादरीपाशी जाऊन उभी राहिली. ऋषिराजनं तिला हेच सांगितलं होतं, की तिथं उभी राहून भाकरीचं वाक्य तूच म्हण.

तिनं ते म्हटलं नाही. गावाकडं तोंड केलं, पदर सारखा केला आणि पेवाच्या तोंडाशी जे बोलली होती तेच बोलली, एक शब्द न गाळता. ट्रंकेचं, चुलीचं, फोटोचं. पोरगं पळून आलं तवा मला बरं वाटलं. पेढ्याचं सांगताना तिनं कोंडीबांकडं सरळ बघितलं आणि आवाज जराही खाली आणला नाही. चार वर्षं खाली मान घालून पारावरून जाणारी बाई ती, आज मान वर करून उभी होती आणि बघणाऱ्यांच्या माना खाली गेल्या होत्या. ऋषिराज प्रोजेक्टरमागं उभा होता. त्याची छाती एवढी फुगली होती की त्याला श्वास घ्यायचं सुचेना.

तिचं बोलणं संपलं. राहीबाई उठली. माणसांच्या गुडघ्यांवरून वाट काढत ती दारापाशी गेली, कडी काढली आणि बाहेर उन्हात जाऊन तिनं फोन लावला. दार उघडंच राहिलं होतं, त्यामुळं आत सगळ्यांना ऐकू येत होतं.

"काय न्हाई रं इश्वा. आसंच लावला," ती म्हणत होती. "व्हय, हैत की ते. बसल्यात आत."

कोंडीबा हवालदार उठले. कुणाकडं न बघता बाहेर गेले आणि बायकोपुढं हात पसरून म्हणाले, "दे जरा हिकडं."